परत न आलेला रुमाल

रुमाल गेला त्याला त्या दिवशी बारा दिवस झाले होते, आणि या बारा दिवसांत हिगाशिदेंच्या घरात त्याचा विषय निघाला नाही असा एकही दिवस गेला नव्हता.

घडलं होतं ते एवढंच. घरची नात माकिको हिचं लग्न ओकुनोंकडे ठरलं, आणि मुलीच्या घरून पाच रंगांच्या मिठाईचं ताट रीतीप्रमाणे रेशमी रुमालाखाली झाकून ओकुनोंकडे गेलं. ताट त्याच संध्याकाळी परत आलं. आत कोऱ्या कागदाचे दोन ताव ठेवलेले होते, तेही रीतीप्रमाणेच. रुमाल मात्र आला नाही. आता, आमच्या कानाझावात ताटावरचा रुमाल कोणी ठेवून घेत नाही. मिठाई ठेवायची, रुमालावरचं चित्र डोळे भरून बघायचं, चार बरे शब्द बोलायचे आणि घडी घालून तो परत पाठवायचा. तो पुन्हा पुढच्या कार्याला, पुढच्या ताटावर. माणसं जातात, रुमाल तीन-तीन पिढ्या फिरत राहतात. आवडला नाही तरी तो परत येतो, आवडला तर जरा उशिरा येतो. मुळीच न येण्याचा अर्थ काय, ते कोणालाच ठाऊक नव्हतं, कारण तसं कधी झालेलंच नव्हतं.

तेराव्या दिवशी सकाळी नऊलाच हात्सु मागच्या दारानं आत आली. बाहेर समुद्राच्या बाजूला गडगडत होतं. नोव्हेंबरात असं गडगडलं की बुरी मासा जाळ्यात आला असं आमच्याकडे म्हणतात, पण त्या घरात कोणाचं माशाकडे लक्ष नव्हतं.

हात्सु म्हणजे या घरची थोरली लेक. बावन्न वर्षांची, मिठाईवाल्याच्या घरी दिलेली, आणि माकिकोचं हे स्थळ जुळवणारी. ती माहेरी आली की आधी स्वयंपाकघरातल्या बरण्यांची झाकणं उघडून बघायची. त्या दिवशी तिनं एकही झाकण उघडलं नाही.

"ओकुनो आजी येतायत," ती म्हणाली. "दुपारी दोनला. स्वतः."

तिचा धाकटा भाऊ तामोत्सु, माकिकोचा बाप, चहा पीत होता. "मोडायला?"

"मोडायला कोणी पेटी घेऊन येतं का? नवी पेटी करून घेतलीय त्यांनी. पांढऱ्या लाकडाची, चांगली. रुमाल त्यात घालून आणतायत. आणि बाबांकडून झाकणावर लिहून हवंय त्यांना."

तामोत्सुनं पेला खाली ठेवला. चुलीजवळ त्याची बायको शिझुए सलगमाच्या चकत्या करत होती. तिची सुरी क्षणभर थांबली आणि पुन्हा चालू लागली.

पेटीच्या झाकणावर चितारी आपल्या हातानं चित्राचं नाव लिहितो, खाली आपलं नाव लिहितो. तेवढं झालं की ती वस्तू नुसती वापरायची राहत नाही, ठेव होते. आणि पुढे कधी कोणाला शंका आली, तर लोक आधी अक्षर बघतात, मग चित्र.

"बाबांचा हात..." असं म्हणून तामोत्सु थांबला. या घरात ते वाक्य गेली सहा वर्षं असंच अर्धं सोडलं जात होतं.

सहा वर्षांपूर्वी त्याच्या वडिलांच्या, चितारी क्यूझोंच्या, उजव्या हाताला कापरं भरलं, ते गेलंच नाही. बाहेर सांगितलं गेलं की त्यांची पाठ धरलीय. म्हातारा सभा-समारंभांना जाईनासा झाला, पण हिगाशिदेंच्या कारखान्यातून रेशीम पूर्वीसारखंच रंगून बाहेर पडत राहिलं. कोपऱ्यात क्यूझोंचा शिक्का पूर्वीसारखाच. यात खोटं असं काही नाही, असं तामोत्सु म्हणे. कुठल्या कारखान्यात शिष्य रंग भरत नाहीत? नाव गुरूचंच असतं. आणि ते खरंही होतं. फक्त बाकीच्या कारखान्यांत निदान रेघ तरी गुरूची असते. इथे कागदावरचा पहिला आराखडा, रेशमावरची निळी रेघ, खळीची रेघ, रंग, सगळंच सुनेचं होतं.

"मला काही माहीत नाही," हात्सु म्हणाली. हेही ती सहा वर्षं म्हणत आली होती. "मी फक्त निरोप घेऊन आलेय. मधे मी आहे, नाक माझं कापलं जाणार."

"पाठ दुखतेय म्हणून सांग. पुढच्या महिन्यात या म्हणावं."

"सत्तर वर्षांची बाई स्वतः येतेय, तामोत्सु. तिला पाठीचं काय सांगतोस?"

तामोत्सुला एप्रिल दिसत होता. एप्रिलमध्ये रंगारी संघाची माणसं घरी येणार होती. क्यूझोंना आचार्यपद द्यायचं जवळजवळ ठरलं होतं. त्यासाठी तामोत्सुनं दहा वर्षं खेटे घातले होते, बक्षिसांच्या याद्या केल्या होत्या, नको त्या माणसांबरोबर साके प्यायला होता. तो स्वतः रेशीम वाफवण्यात आणि नदीत धुण्यात वाकबगार होता, गिऱ्हाईक तर अचूक ओळखायचा. रेघ तेवढी त्याला येत नव्हती. त्याच्या हातची शेवंती कोबीसारखी दिसते असं वडील पाहुण्यांसमोर म्हणत, आणि तो पाहुण्यांबरोबर हसे. वडिलांना ते पद मिळणं ही त्याच्या आयुष्यातली एकच गोष्ट होती जी त्यानं स्वतः केली असं म्हणता आलं असतं.

"झाकली मूठ आहे," तो बायकोकडे न बघता म्हणाला. "एप्रिलपर्यंत झाकलेलीच राहू दे. मग काय ते बघू."

"मी काही म्हटलं का?" शिझुए म्हणाली, आणि चकत्यांवर मीठ घातलं.

* * *

ओकुनो फुसा बरोबर दोनला आल्या. ठेंगणी बाई, केस सगळे पांढरे, गुडघे दुखत असूनही ताठ बसणारी. बोलायला लागली की वाटे, ही हवापाण्याचंच बोलतेय.

क्यूझो बैठकीच्या खोलीत आधीच येऊन बसले होते, दोन्ही हात किमोनोच्या बाह्यांत घालून. थंडीत म्हातारी माणसं असं बसतात. ते उन्हाळ्यातही तसंच बसत.

"पाठ कशी आहे?" फुसांनी विचारलं.

"आहे तिथेच आहे."

"माझे गुडघेही. कुठे जात नाहीत मेले."

माकिकोनं चहा आणून ठेवला. होणाऱ्या सासरची सर्वांत मोठी बाई समोर बसलेली, त्यामुळे तिचे पेले जरा वाजले. फुसांनी ते ऐकलं आणि तिला बसायला सांगितलं. मग त्यांनी जांभळ्या बासनाची गाठ सोडली. आत नवी पेटी होती, आणि तिच्याखाली दुसरी, जुनी, उन्हानं पिवळी पडलेली.

"आधी माफी मागते," फुसा म्हणाल्या. "रीत मोडली मी. बारा दिवस तुमचा रुमाल ठेवून घेतला. घरात सुनेनं तीनदा आठवण केली. मी म्हटलं, आज देते, उद्या देते."

"छे, छे, त्यात काय एवढं," तामोत्सु म्हणाला. बारा दिवस त्याला नीट झोप नव्हती.

फुसांनी दोन्ही पेट्यांतले रुमाल काढले आणि चटईवर शेजारी शेजारी पसरले. दोन्ही हातभर लांबरुंद, चारी कोपऱ्यांना गोंडे, दोन्हींवर शेवंती. नव्यावरची पांढरी आणि किरमिजी, जुन्यावरची पिवळी, आता फिकी.

"हा माझ्या लग्नातला. माहेरून आला माझ्या सामानात. एक्कावन्न वर्षं झाली. तुम्ही तेव्हा पंचवीस वर्षांचे होतात, हिगाशिदेसान, आणि माझ्या वडिलांनी नाक मुरडलं होतं, की पोरगेल्या चितार्‍याचं काम कशाला घेतलं."

"तुमचे वडील चहाचे जाणकार होते. चित्राचे नव्हते," क्यूझो म्हणाले.

फुसा हसल्या. मग त्यांनी बोट न टेकवता जुन्या रुमालावरून फिरवलं. "यात किडीनं खाल्लेली सतरा पानं आहेत. मोजलीत मी. आम्हा बायकांना दुपारी काम काय? सगळी कडेनं खाल्लेली."

आमच्याकडच्या चित्रांत पान कधी पुरतं धड नसतं. किडीनं खाल्लेलं, कड तपकिरी पडलेलं एखादं पान असावंच लागतं. त्यावरून चितारी ओळखता येतो, बरंचसं अक्षरावरून माणूस ओळखावा तसं. अळी कडेकडेनं खात जाते, असं क्यूझो प्रत्येक शिष्याला सांगत आणि चुकलेल्याचं रेशीम फाडून टाकत.

"आणि या नव्यात अकरा," फुसा म्हणाल्या. "दहा कडेनं. एक मधोमध." त्यांनी नव्या रुमालाच्या डाव्या कोपऱ्याकडे हनुवटी केली. पानाची कड पूर्ण शाबूत होती आणि बरोबर मध्यभागी एक पांढरं छिद्र होतं, भोवती बारीक तपकिरी रेघ. "बारा दिवस मी या एका पानाकडे बघत होते. सांगून खरं वाटायचं नाही तुम्हाला. सकाळी चहा घ्यायचा तो याच्यापुढे बसून."

 शिझुए दाराशी किटली घेऊन बसली होती. तिनं मान वर केली नाही.

"म्हणून पेटी करून घेतली. माझं मागणं एवढंच आहे. ज्यानं हे काढलं, त्याच्याच हातचं झाकणावर लिहून द्या."

त्या हे कोणाकडे बघून म्हणाल्या, यावर पुढे बहीणभावांत बरीच वर्षं वाद होता. तामोत्सु म्हणे, बाबांकडे बघून. हात्सु म्हणे, किटलीकडे बघून.

"लिहितील की, लिहितील," तामोत्सु घाईनं म्हणाला आणि झाकण उचललं. "पण बाबांना चारचौघांत लिहायची सवय नाही. शाई आत आहे, आतच बसतील ते. बाबा, आधी पाठ जरा शेका, मग सावकाश या. शिझुए, चल, तयारी कर."

क्यूझो जागचे हलले नाहीत. ते दोन्ही रुमालांकडे बघत होते.

* * *

आतली खोली म्हणजे कारखान्याची मधली खोली. उत्तरेचा उजेड, ताणपट्टीवर ताणलेलं रेशीम, खालच्या शेगडीत निखारे, आणि रंगांच्या वाट्या. तामोत्सुनं दार सरकवलं आणि झाकण बायकोपुढे धरलं.

"लिही."

"काय लिहू?"

"'शेवंती', आणि खाली बाबांचं नाव. त्यांचं अक्षर तुला येतं. त्यांनी आराखड्यांवर लिहिलेल्या टिपा वीस वर्षं वाचतेयस तू."

"वाचतेय."

"मग झालं तर."

"अहो, त्या बाई तिथे बसल्यात."

"म्हणून तर आत आणलं झाकण. बाबा पाच मिनिटं आत येऊन बसतील आणि बाहेर जातील. हात कोणाचा ते कोण बघायला येतंय?" त्यानं आवाज खाली केला. "शिक्का तूच मारतेस ना? दर वेळी? त्यात आणि यात फरक काय आहे?"

"शिक्का दगडाचा आहे. मामंजींनी तो माझ्या हातात दिला, म्हणून मारते. अक्षर माणसाचं असतं."

"शब्दांचा कीस पाडू नकोस आता."

माकिको दारात येऊन उभी राहिली होती. बाहेर ओकुनो आजींपाशी आत्या होती. माकिको बावीस वर्षांची, बँकेत नोकरी केलेली, हिशेबी मुलगी. आईच रंगवते हे तिला सोळाव्या वर्षापासून माहीत होतं. त्यात काही अन्याय आहे असं तिला कधी वाटलं नव्हतं, जशी आई भात शिजवते, तशी आई चित्र काढते. तिला त्या क्षणी फक्त एवढंच दिसत होतं की ओकुनोंसमोर खोटं उघडं पडलं तर लग्न राहणार नाही.

"लिही ना, आई," ती म्हणाली. "एकदाच तर लिहायचंय."

शिझुएनं तिच्याकडे बघितलं. त्या बघण्यात राग नव्हता, म्हणून ते जास्त वाईट होतं. माकिको पुढे स्वतः सासू झाली, आजी झाली, पण आपण आईला असं म्हणालो होतो हे ती विसरू शकली नाही.

"लिहू नकोस," मागून आवाज आला.

हात्सु होती. हात्सु आणि शिझुए या दोघींचं चोवीस वर्षांत एकमत झालेलं कोणी पाहिलं नव्हतं. शिझुए कानामागून आली आणि तिखट झाली, असं हात्सु सगळ्या नातेवाइकांत सांगत असे. तामोत्सुला वाटलं, ताईचं डोकं फिरलं.

"ताई, बाहेर बस ना तू. त्यांच्याजवळ कोणीतरी हवं."

"बाबा आहेत. दोघं म्हातारे गप्प बसलेत, त्यांना माझी गरज नाही." ती आत आली आणि रंगाच्या वाट्यांपाशी उभी राहिली. "या खोलीत मी किती दिवसांनी येतेय सांगू? मी अकरा वर्षांची असताना या वाट्या धुवायला घेतल्या होत्या. बाबा म्हणाले, मुलींनी वाट्यांना हात लावायचा नाही, रंग फिका पडतो. मग मी भात शिजवला आणि मिठाईवाल्याच्या घरी गेले. आणि हिला आणून बसवलं त्यांनी ताणपट्टीपाशी, कारण तुला येईना. मला हिचा राग आहे. खोटं कशाला बोलू? अजून आहे."

"मग?"

"मग काय? निदान आमच्यातल्या एकीला मिळालंय ना, तर तिनं ते बाबांच्या अक्षरात घालवू नये. एवढंच."

"आणि लग्न?" माकिको म्हणाली.

"लग्न मी जमवलंय. मोडलं तर दुसरं जमवीन. मुलगा काही सोन्याचा नाही, चष्मा लागलाय त्याला."

 शिझुएच्या हातात झाकण होतं, आणि ती त्या पानाचा विचार करत होती. ऑक्टोबरमध्ये रुमालाचं काम चालू असताना खळीच्या पुडीचं टोक फाटलं होतं. खळ म्हणजे भाताचा चिकट लगदा. तो जिथे लागतो तिथे रंग चढत नाही, रेघ पांढरी राहते. एक थेंब पानाच्या बरोबर मधे पडला. तो तिला दिसला तेव्हा रंग भरून झाला होता. धुतल्यावर तिथे पांढरा डाग राहणार होता, आणि असा डाग राहिला की या घरात रेशीम फाडायचं. ती थोडा वेळ डागाकडे बघत बसली. मग तिनं सर्वांत बारीक ब्रश घेतला आणि डागाभोवती तपकिरी कड काढली. मामंजींनी ते बघितलं आणि म्हणाले, अळी पानाच्या मधे कशी पोचली, आभाळातून पडली का? दुसरा कर. तिनं सांगितलं, दिवस नाहीत. दिवस चांगले आठ होते. सहा वर्षांत ती मामंजींशी तेवढंच एक खोटं बोलली होती, आणि त्याचं कारण अगदी साधं होतं. ते पान तिला आवडलं होतं. या घरातून बाहेर गेलेल्या शेकडो पानांत ते एकच तिचं होतं, आणि आता त्याच्यावर तिनंच मामंजींचं नाव लिहायचं होतं, त्यांच्यासारखं वळण देऊन. तिला ते करवेना.

तिनं दौत, ब्रश आणि झाकण एका तबकात घेतलं.

"कुठे निघालीस?" तामोत्सु म्हणाला.

"मामंजी बाहेर बसलेत," ती म्हणाली, आणि दार सरकवलं.

* * *

बाहेर क्यूझो आणि फुसा खरंच गप्प बसले होते. मधे दोन रुमाल होते.

क्यूझो त्या पाव तासात एकच काम करत होते. आपली पंचविशीतली रेघ आणि सुनेची चव्वेचाळिशीतली रेघ ताडून बघत होते. देठांत ती त्यांच्या पुढे गेली होती. हे त्यांना आधीच माहीत होतं, पण शेजारी शेजारी बघून ते फारच स्पष्ट दिसत होतं, आणि त्यांना ते मुळीच आवडलं नव्हतं. पण त्याहून नावडती गोष्ट डाव्या कोपऱ्यात होती. उद्या आपण मरू, पेटी उघडली जाईल, आणि कोणी दीडशहाणा म्हणेल की बघा, म्हातारपणी क्यूझोंना अळी कुठून खाते तेही कळेनासं झालं होतं. सुंभ जळला तरी पीळ जळत नाही, तशातली गत.

शिझुएनं तबक त्यांच्यापुढे ठेवलं आणि मागे सरून बसली.

"मामंजी, तुम्ही लिहा. मला या अक्षरात लिहिता यायचं नाही."

आता खोलीत लपवण्यासारखं फार काही उरलं नव्हतं. तामोत्सु दारातच खाली बसला. फुसांनी चहा उचलला आणि गार झालेला असूनही त्या तो प्यायल्या.

"मी कशाला लिहू?" क्यूझो म्हणाले. त्यांनी बाह्यांतून हात बाहेर काढले. उजवा हात गुडघ्यावर ठेवला, तरी तो हलत होता. सहा वर्षांत तो परक्या माणसाला पहिल्यांदा दिसत होता. "ओकुनोसान, माझी पानं मी कडेनंच खाल्ली. ती सतराच्या सतरा माझी. हे मधलं माझं नाही. ही असली चूक माझ्या माथी नको."

"कोणाची आहे मग?" फुसा म्हणाल्या.

"हिची. माझ्या सुनेची. दुसरा कर म्हटलं तर ऐकलं नाही. बाकीची दहा पानंही हिचीच आहेत, पण ती तरी शिकवल्यासारखी आहेत." मग इकडेतिकडे बघून ते म्हणाले, "हात्सु, झाकण धर. सरकतंय ते."

हात्सु पुढे आली. तिनं दोन्ही हातांनी झाकण धरलं.

लिहायला फार वेळ लागला. क्यूझोंनी मनगट डाव्या हातानं धरलं, तरी ब्रश वाटेल तिकडे जाई. शाईचे दोन थेंब लाकडावर पडले. अक्षरं वेडीवाकडी आली, नुकतं लिहायला शिकलेल्या पोराच्या पाटीवरची असावीत तशी. ज्या हातानं ती लिहिली, त्या हातानं हा रुमाल रंगवणं शक्य नाही, हे आंधळ्यालाही कळलं असतं. लिहून झाल्यावर त्यांनी ब्रश ठेवला आणि हात परत बाह्यांत घातले.

माकिकोनं पुढे होऊन वाचलं. झाकणावर होतं: शेवंती. काम हिगाशिदे शिझुएचं. बघितलं क्यूझोनं.

"एप्रिल गेला," तामोत्सु कोणाकडेच न बघता म्हणाला.

"एप्रिल येईल की," त्याचे वडील म्हणाले. "दर वर्षी येतो."

फुसांनी शाई वाळेपर्यंत वाट बघितली. मग नवा रुमाल चित्र आत घेऊन घडी केला, पेटीत ठेवला, झाकण लावलं, आणि पेटी दोन्ही हातांनी शिझुएपुढे सरकवली.

"परत करायला आले होते," त्या म्हणाल्या. "ताटावरचा रुमाल मी ठेवून घेईन असं वाटलं की काय तुम्हाला? लग्नाच्या दिवशी माकिकोच्या सामानात घाला. माझा तसाच आला होता. मग आमच्या घरात तो रीतीनं येईल."

माकिकोनं चटईला डोकं टेकून नमस्कार केला, आणि पुष्कळ वेळ वर केलं नाही.

निघताना दारात फुसांनी खडावा घालता घालता शिझुएला विचारलं, "ते पान मुद्दाम काढलंत?"

"नाही. खळ सांडली होती."

"वाटलंच," फुसा म्हणाल्या. "मुद्दाम काढलेलं बारा दिवस बघवलं नसतं."

* * *

दुसऱ्या दिवशी सकाळी शिझुए नेहमीसारखी ताणपट्टीपाशी बसली. एका लग्नाच्या किमोनोचं रेशीम पूर्ण होत आलं होतं. क्यूझो येऊन आपल्या जागी बसले आणि शेगडीकडे पाय केले.

"त्या भोकाची कड आणखी काळी हवी होती," ते म्हणाले.

"नाही, मामंजी. तेवढीच बरी आहे."

सहा वर्षांत किंवा चोवीस वर्षांत, कसंही मोजलं तरी, ती त्यांना कामाबाबत पहिल्यांदा नाही म्हणत होती. क्यूझोंनी त्यावर विचार केला. मग त्यांनी चहा मागितला, आणि तो माकिकोनं आणून दिला.

दुपारपर्यंत शेवटचं पान रंगून झालं. शिझुएनं शिक्क्याची डबी उघडली. ती रिकामी होती.

"मामंजी, शिक्का?"

"माझ्याकडे आहे," क्यूझो म्हणाले, आणि बाहीवर थोपटलं. डोळे मिटलेलेच होते. "त्या कामाचं आता मला काय? तुझं तू बघ."

तिचा स्वतःचा शिक्का नव्हता. असायचं कधी कारण पडलं नव्हतं. ती कोपऱ्यातल्या रिकाम्या जागेकडे बघत राहिली. मग तिनं आराखड्याच्या निळ्या रसात ब्रश बुडवला आणि तिथे आपलं नाव बारीक लिहिलं. हा रस फुलांचा असतो, नदीच्या पाण्यात धुऊन जातो, मागे काही राहत नाही. म्हणून आम्ही आधी त्यानंच लिहितो, चुकलं तर चुकलं.

ते नाव तिनं थोडा वेळ बघितलं. मग काळ्या रंगाची वाटी जवळ ओढली आणि त्याच्यावरून गिरवलं.